औटघटकेचे मंत्रिमंडळ

औटघटकेचे राज्य हा शब्दप्रयोग आपल्या भाषेत जुना आहे. औट म्हणजे साडेतीन. १९३७ साली मुंबई इलाख्यात जे बिनकाँग्रेसी संमिश्र मंत्रिमंडळ अधिकारावर आले, ते १ एप्रिलपासून १९ जुलैपर्यंत, म्हणजे जवळजवळ साडेतीन महिनेच टिकले. त्यामुळे त्याची आठवण फारशी कोणी ठेवली नाही. परंतु जबाबदार राज्यपद्धती कशाला म्हणावे, या प्रश्नाचा उलगडा त्याच्या अल्प चरित्रात आहे, असे आम्हांस वाटते.

१९३५ च्या कायद्याने प्रांतांतील द्विदल राज्यपद्धती संपली आणि सर्व खाती मंत्र्यांकडे आली. मात्र गव्हर्नराच्या हाती खास अधिकार राहिले. पुढे निवडणुका झाल्या. मुंबईच्या विधानसभेत १७५ पैकी ८६ जागा काँग्रेसला मिळाल्या. निर्भेळ बहुमताला दोनच कमी. गव्हर्नर लॉर्ड ब्रेबोर्न यांनी बाळासाहेब खेर यांना पाचारण केले. खास अधिकार वापरणार नाही असे आश्वासन द्या, अशी काँग्रेसची अट होती. ते आश्वासन मिळाले नाही आणि खेरांनी नकार दिला.

मग साताऱ्याचे पारशी कारखानदार धनजीशा कूपर मुख्य प्रधान झाले. जमनादास मेहता यांच्याकडे अर्थ व महसूल, सिद्दप्पा कांबळी यांच्याकडे शिक्षण आणि हुसेनअली रहिमतुल्ला यांच्याकडे स्थानिक स्वराज्य अशी खाती आली. मेहता टिळकांच्या परंपरेतले, कांबळी धारवाडकडील ब्राह्मणेतर पुढारी. चौघांच्या वाटा वेगळ्या. असे चौघे एका मेजाभोवती बसले, यात स्वतः वावगे काही नाही. संमिश्र मंत्रिमंडळात असेच व्हावयाचे.

उणीव दुसरीकडे होती. या मंत्रिमंडळाला विधानसभेला तोंड द्यावेच लागले नाही. मंत्री होते, खाती होती, दप्तरे हलत होती. पाठीशी सभागृह मात्र नव्हते. त्यांच्या बाजूनेही एक गोष्ट सांगितली पाहिजे. मंत्रिमंडळच नसते, तर कलम ९३ अन्वये गव्हर्नर सारा कारभार स्वतःकडे घेऊ शकत होता. १९३९ साली काँग्रेसने राजीनामे दिल्यावर तसे झालेही. तेव्हा कूपर यांना नुसते खुर्चीचे लोभी म्हणणे न्यायाचे नाही. परंतु सभागृहाच्या विश्वासावाचून चाललेला कारभार कितीही नेटका असला, तरी तो उसना असतो.

२१ जूनला व्हाइसरॉय लिनलिथगो यांनी सामोपचाराचे निवेदन काढले. जुलैत वर्ध्याच्या बैठकीत काँग्रेसने अधिकारग्रहणाचा निर्णय घेतला, आणि खेर मंत्रिमंडळ आले. नागपुरातही राघवेंद्र राव यांचे तसेच तात्पुरते मंत्रिमंडळ त्याच महिन्यात गेले.

आता आपल्याकडे पाहू. आपले हे शहर तेव्हा निजामाच्या राज्यातील औरंगाबाद. मुंबईत आणि नागपुरात मंत्रिमंडळ कोणाचे याचा वाद. आपल्याकडे मताचा हक्कच नव्हता, मग वाद कसला? १९१९ पासून हैदराबादेत कार्यकारी मंडळ होते, पण ते निजामाने नेमलेले व निजामालाच जबाबदार. नेमक्या त्याच उन्हाळ्यात, जून १९३७ मध्ये, परतूर येथे गोविंदराव नानल यांच्या अध्यक्षतेखाली महाराष्ट्र परिषदेचे पहिले अधिवेशन भरले. पुढच्याच वर्षी स्टेट काँग्रेसवर बंदी आली आणि स्वामी रामानंद तीर्थांसारख्यांनी सत्याग्रह करून तुरुंग पत्करला.

म्हणजे सह्याद्रीकडील आपल्या बांधवांना मंत्रिमंडळ मिळाले, पण साडेतीन महिने सभागृह मिळाले नाही. आपणांस दोन्हीसाठी दशकाहून अधिक काळ झगडावे लागले. १९५२ साली आपण पहिल्यांदा प्रौढ मताधिकाराने हैदराबादची विधानसभा निवडली. सरकार एका पक्षाचे की चार पक्षांचे, हा प्रश्न दुय्यम आहे. ते कोणापुढे उभे राहून उत्तर देते, हे नागरिकाने आधी विचारावे. सभागृह भरते की नाही, तेथे जाब विचारला जातो की नाही, इकडे ज्याचे लक्ष असते, त्याचेच राज्य औटघटकेचे ठरत नाही.