तीच पावलें, निराळे सूर

डफावर थाप पडली कीं मनगटें शिवशिवूं लागतात, हें महाराष्ट्रीय वाचकांस निराळें सांगावयास नको. स्वर बुद्धीची परवानगी मागत नाहीं. तो सरळ अंतःकरणांत शिरतो. म्हणूनच राजकीय हेतूनें काढलेल्या चित्रपटास संगीत देणाराची जबाबदारी फार मोठी, असें आम्हांस वाटतें.

सन १९२६ च्या एप्रिलांत बर्लिन येथें आयझेन्स्टाइनच्या ‘बॅटलशिप पोटेम्किन’ या मूकपटाबरोबर एडमंड मायझेल यानें रचलेलें संगीत वाजलें. रशियन युद्धनौकेवर १९०५ सालीं झालेलें बंड हा त्याचा विषय. शेवटच्या भागांत मायझेलनें माधुर्य बाजूस सारून वाद्यवृंदांतून नौकेच्या यंत्रांची धडधडच उठविली. हा चित्रपट पाहण्याची जर्मन सैनिकांस मनाई झाली होती. पीडितांच्या बाजूचें संगीत म्हणून आपण त्याचें कौतुक करतों.

परंतु हेंच शस्त्र दुसऱ्याच्याही हातीं जातें. न्यूरेंबर्ग येथील १९३४ च्या नाझी मेळाव्यावर लेनी रीफेनश्टाल हिनें काढलेल्या ‘ट्रायम्फ ऑफ द विल’ (१९३५) यास हर्बर्ट विंट यानें संगीत दिलें. त्यांतील भारदस्त वाद्यवृंद आणि कूचगीतें प्रेक्षकास विचार करावयास उसंतच देत नाहींत.

हान्स आइस्लरचा मार्ग निराळा होता. शेनबर्गच्या या शिष्यानें ‘कूले वांपे’ (१९३२) या चित्रपटांत, कामाच्या शोधांत सायकलींवरून धांवणाऱ्या बेकारांच्या दृश्यास करुण सुरावट न देतां तीक्ष्ण, वेगवान संगीत दिलें. प्रेक्षकास दया नव्हे, चीड यावी हा हेतु. नाझी सत्तेवर आल्यावर त्याला जर्मनी अंतरली. १९४८ त, साम्यवादाच्या आरोपामुळें, अमेरिकाही. पुढें १९५५ सालीं आलें रेने याच्या छळछावण्यांवरील ‘नाइट अँड फॉग’ या ३२ मिनिटांच्या अनुबोधपटास त्यानें संगीत दिलें. त्यांत रीफेनश्टालच्या चित्रपटांतील संचलनाचीं दृश्यें घेतलीं आहेत; पण त्यांखालीं बोटांनीं छेडलेल्या तंतूंचे कोरडे, तुटक स्वर आहेत. तीच पावलें आतां कळसूत्री बाहुल्यांचीं वाटतात. पुढें प्रेतांचे ढीग दिसतात, तेथें संगीत आक्रोश करीत नाहीं. तें हळुवार होतें.

आम्हीं हीं दोन्ही संचलनें वर्गांत एकामागून एक दाखविलीं. पहिल्या वेळीं आपले पाय ताल धरीत होते, हें विद्यार्थ्यांस दुसऱ्या वेळीं उमगलें. खोटें कां बोलावें, आमचाही पाय त्यांत होता.

आइस्लर कांहीं निःपक्षपाती नव्हे. १९४९ त पूर्व जर्मनीच्या राष्ट्रगीताचें संगीत त्यानेंच रचलें. तथापि या अनुबोधपटांत त्यानें प्रेक्षकाचा विवेक त्याच्यापाशींच राहूं दिला. मायझेलचें संगीत आम्हांस आजही आवडतें. मात्र तें ऐकतांना आतां आम्ही आपल्या पायाकडे एकदां पाहून घेतों.