‘घाशीराम कोतवाल’ : एका चित्रपटाची एकमेव प्रत

घाशीराम सावळदास याचा अंत इ. स. १७९१ मध्यें पुण्यांत दगडांच्या माऱ्यानें झाला, हें पेशवाईच्या अभ्यासकांस नव्यानें सांगणें नको. विजय तेंडुलकरांचें त्यावरील १९७२ चें नाटकही सर्वश्रुत आहे. पण त्याच नांवाचा १९७६ चा मराठी चित्रपट पाहिलेले लोक थोडे.

पुण्याच्या चित्रपट-शिक्षणसंस्थेंतून निघालेल्या तरुणांनीं ‘युक्त’ नांवाची सहकारी मंडळी स्थापून, बँकेचें कर्ज काढून, अल्प खर्चांत तो तयार केला. दिग्दर्शक चौघे : मणि कौल, के. हरिहरन्, सईद मिर्झा व कमल स्वरूप. लेखन तेंडुलकरांचेंच, नाना मोहन आगाशे, घाशीराम ओम पुरी. रंगभूमीवर माणसांच्या रांगेचा जिवंत पडदा होता. येथें तें काम कॅमेऱ्याकडे आलें. दृश्य तोडून जोडण्याऐवजीं तो दीर्घ काळ न थांबतां माणसांभोंवतीं फिरतो. हंगेरीच्या मिक्लोश यांचोची ही धाटणी. कथानक सरळ सांगण्याची हौस नसल्यानें बखर वाचून गेलेला प्रेक्षकही गोंधळतो. नानांच्या चरित्राचें साधन म्हणून चित्रपट निरुपयोगी होय. मात्र आणीबाणीच्या काळांत तरुण सत्तेकडे कोणत्या नजरेनें पाहत होते, याचें तें अस्सल साधन आहे.

पुष्कळ वर्षें तो पाहावयास मिळत नसे. बर्लिनच्या आर्सेनाल संस्थेच्या संग्रहांत एक प्रत उरली होती. तीवरून २०१४ मध्यें डिजिटल प्रत सिद्ध झाली. परदेशीं गेलेल्या पोथ्यांचा अनुभव संग्राहकांस आहेच. हातकागदावरील बखर दोनशें वर्षें टिकते. ही फीत चाळीस वर्षांच्या आंतच एका प्रतीवर आली होती.