टोनव्हील ऑर्गन, संगणकीय

फिरत्या पोलादी चक्रांपासून स्वर उत्पन्न करणाऱ्या विद्युत् ऑर्गनचा नाद गणिताच्या आधारे हुबेहूब उभा करणारी संगणकीय आज्ञावली. मूळ वाद्य अमेरिकेत लॉरेन्स हॅमंड यांनी १९३५ साली विक्रीस आणले. मराठी संगीत नाटकाने आपलासा केलेला पायाच्या भात्याचा ऑर्गन तो हा नव्हे. यात ना भाता, ना रीड. समकालिक चलित्राच्या गतीने ९१ दंतुर चक्रे चुंबकांच्या टोकांसमोर अखंड फिरतात, त्यामुळे तारेच्या वेटोळ्यांत निरनिराळ्या कंप्रतांचे प्रवाह निर्माण होतात, आणि नऊ ओढपट्ट्या (ड्रॉबार) कमीअधिक बाहेर ओढून वादक त्यांचे मिश्रण आपल्या अभिरुचीप्रमाणे ठरवितो. १९५४ पासून सुमारे वीस वर्षे तयार होत राहिलेला बी-३ हा यातील सर्वांत नामांकित नमुना. पेडल व बाकासह त्याचे वजन दोनशे किलोंच्या घरात जाते.

या वाद्याची खरी गंमत त्याच्या दोषांत आहे. पट्टी दाबताच तिच्याखालील नऊ संपर्क नेमक्या एकाच क्षणी जुळत नसल्याने स्वरारंभी खट् असा आवाज उमटे. कारखान्याच्या लेखी तो ऐब होता, पण जॅझच्या वादकांना तोच प्रिय झाला. शेजारच्या चक्रांचा नाद पाझरून येणे, दंतचक्रांच्या प्रमाणामुळे स्वरस्थाने किंचित ढळणे आणि लेस्ली ध्वनिक्षेपकाच्या फिरत्या कर्ण्याने आवाज हेलकावणे, या साऱ्यांची बारकाईने नक्कल करण्यातच आज्ञावलीकारांची कसोटी लागते. नेटिव्ह इन्स्ट्रुमेंट्सची बी-४ (२०००) व आयके मल्टिमीडियाची बी-३एक्स (२०१९) ही प्रसिद्ध उदाहरणे. एक दोष मात्र संगणकाने निमूटपणे वगळला: वीजपुरवठ्याची कंप्रता बदलली की मूळ वाद्याची पट्टीही बदले, आणि ६० हर्ट्‌झसाठी घडविलेला ऑर्गन आपल्याकडील ५० हर्ट्‌झवर सुमारे तीन अर्धस्वर खाली, म्हणजे काळी-पांढरी धरून तीन पट्ट्या उतरून, बोले.

आपल्याकडे भंडारा जिल्ह्यात हा नाद ऐकू येण्याचा संभव तेथील झाडीपट्टी रंगभूमीमुळे आहे. धानाची कापणी उरकल्यावर मंडई नावाच्या जत्रा व शंकरपट म्हणजे बैलांच्या शर्यती यांच्या निमित्ताने साकोली, लाखांदूरकडील गावांत रात्र रात्र नाटके रंगतात, आणि त्यांच्या साथीत तबल्याबरोबर कीबोर्ड व ऑक्टोपॅड यांनीही आता स्थान मिळविले आहे. सर्वसाधारण कीबोर्डवरील ध्वनींच्या यादीत १९९१ च्या जनरल मिडी संकेतानुसार सतरावा क्रमांक ड्रॉबार ऑर्गनचा असतो. परंतु हा बहुधा ध्वनिमुद्रित नमुना असल्यामुळे पट्टी दाबली की दरवेळी तोच ठरीव आवाज निघतो, चक्रे आधीपासून फिरत असल्याचा आभास त्यात येत नाही. मंडपातील जनित्राचा वेग भाराप्रमाणे चढता-उतरता राहत असता खुद्द मूळ वाद्य तेथे आणणे तर गायकाच्या सुराशी वैर पत्करण्यासारखेच ठरले असते. तेथे संगणकीय प्रतिरूपच उपयोगाचे, आणि त्यासाठी फार खर्च करण्याचीही गरज नाही: सेटबीफ्री ही आज्ञावली विनामूल्य मिळते, तिची मूळ संहिता सर्वांस खुली आहे व साध्या संगणकावरही ती चालते.