निळ्या फरशीमागील भिंत

पणजीच्या मिनेझिस ब्रागांझा संस्थेच्या प्रवेशदालनातील निळी-पांढरी चित्रफरशी ज्यांनी पाहिली आहे, त्यांस ‘आझुलेजु’ म्हणजे काय हे सांगावयास नको. पोर्तुगीज सत्तेबरोबर ही कला ब्राझीलमध्येही गेली आणि तेथील चर्चांच्या व मठांच्या भिंती तिने झाकल्या. त्या भिंतींमागे काय दडले आहे, हाच प्रश्न आद्रियाना वारेजांव या चित्रकर्त्रीने आपल्या कलेचा विषय केला.

त्यांचा जन्म रिओ दि जानेरो येथे १९६४ साली झाला. मिनास जेराइस प्रांतातील ओरु प्रेतु येथील सुवर्णमंडित चर्चे पाहून त्या प्रथम भारावून गेल्या. त्या काळची त्यांची तैलचित्रे रंगाच्या जाड थरांनी अक्षरशः लिंपलेली आहेत. पण हे भारावणे फार काळ टिकले नाही, आणि आमच्या मते तेच त्यांच्या हिताचे झाले. १९९२ सालच्या ‘अनौरस पुत्र’ या चित्रात गुलाम व मूलनिवासी स्त्रियांवरील अत्याचार त्यांनी रंगविला आणि मध्यभागी जखमेसारखी उभी चीर पाडली. पुढे त्यांच्या रंगविलेल्या फरशा फुटू लागल्या व आतून रक्तमांस दिसू लागले. रिओमधील एक जुने हॉटेल २००२ साली कोसळले. त्यावरून २००४ साली त्यांनी केलेली मांसगर्भ भिंत पाहणाऱ्यास सौम्य वाटणार नाही, हे आम्ही आधीच सांगून ठेवतो.

२००४ ते २००८ या काळातील ‘सेलाकांतु’ ही त्यांची विशाल कृती आम्हांस अधिक भावते. जुन्या फरशा निखळल्या की कारागीर हाती येईल ती फरशी बसवीत, आणि मूळ चित्र विस्कटून जाई. त्या विस्कटण्यातूनच येथे सागराच्या लाटा उसळल्या आहेत. कॅनव्हासवर गिलाव्याचा जाड थर देऊन तो वाळताना आपोआप तडकू द्यावयाचा, ही त्यांची रीत. चिनी मृत्पात्रांवरील तड्यांचे सौंदर्य त्यांनी अभ्यासिले होते. ही कृती मिनास जेराइसमधील इन्योतीं कलासंग्रहात २००८ पासून त्यांच्यासाठी बांधलेल्या स्वतंत्र दालनात आहे.

ब्राझीलमध्ये १९७६ साली झालेल्या सरकारी पाहणीत लोकांनी आपल्या कातडीच्या रंगास १३६ नावे दिली होती. विवाहविषयक जाहिरातींतील ‘गव्हाळ’, ‘निमगोरा’, ‘सावळा’ वाचणाऱ्या आम्हांस त्याचे नवल वाटू नये! त्यांतील ३३ नावे निवडून वारेजांव यांनी २०१३ साली तितक्याच तैलरंगांच्या नळ्या करविल्या आणि त्या रंगांनी आपलीच मुखचित्रे रंगविली.