वाट दाखवणाऱ्यांचा रस्ता

कारंजा–मंगरूळपीर–वाशीम या डोंगराळ पट्ट्यातल्या रस्त्याचा इतिहास विचारला की लोक निजाम, 1853 साली वऱ्हाड ताब्यात घेणारे इंग्रज आणि गाड्या भरून बाजाराला जाणारा कापूस सांगतात. वाट दाखवणारा माणूस त्यात नसतो.

सरकारी माणसाला पुढच्या गावापर्यंत वाट दाखवणे, सांगावा पोचवणे, ओझे वाहणे ही महारांची गावकी. रात्री-अपरात्री, तुटपुंज्या बलुत्यावर. सगळ्या वाटा ज्याला पाठ, त्याचाच वाटेवर हक्क नाही! 19 मार्च 1928 ला बाबासाहेबांनी मुंबई कौन्सिलात वतन कायद्याच्या दुरुस्तीचे विधेयक मांडले ते ही वेठ मोडायला. वऱ्हाड तेव्हा मध्य प्रांताला जोडलेले होते, तो कायदा इथला नव्हता. जोखड तेच होते.

आता संविधानाचे कलम 15(2) काढून वाचा. विहिरी, तलाव, स्नानघाट यांच्या रांगेत 'रस्ते' हा शब्द आहे. कलम 17 असताना तो वेगळा का लिहावा लागला? कारण भूमिहीन मजूर गावच्या मालकाला नाही म्हणू शकतो, ते फाट्यावर एसटी मिळते म्हणून.

समृद्धी महामार्गही याच जिल्ह्यातून जातो. नागपूर–शिर्डी टप्पा 11 डिसेंबर 2022 ला खुला झाला. तिथे जात विचारत नाहीत, पण टोल लागतो आणि दुचाकीला, रिक्षाला बंदी आहे. आपल्या वस्तीत चारचाकी किती, मोजा. आपली मागणी जुन्या रस्त्याच्या दुरुस्तीची, आणि वस्तीपासून फाट्यापर्यंतच्या चिखलाच्या तुकड्याची. ग्रामसभेत निवेदन द्याल तेव्हा कलम 15(2) लिहायला विसरू नका.