मॉरिसन, बिल

मॉरिसन, बिल : (१९६५– ). अमेरिकन चित्रपटकार. जन्म शिकागो येथे. जुन्या, विशेषतः जीर्ण झालेल्या नायट्रेट फिल्मच्या पुनर्वापरासाठी प्रसिद्ध. न्यूयॉर्कच्या कूपर युनियनमध्ये कलाशिक्षण. डेकेशिया (२००२) या चित्रपटात त्यांनी फिल्मवरील डाग, फोड व विरघळलेली प्रतिमा दुरुस्त न करता त्यांनाच दृश्याचा आशय केले. संगीत मायकेल गॉर्डन यांचे. २०१३ मध्ये अमेरिकेच्या राष्ट्रीय चित्रपट नोंदपटात त्याचा समावेश झाला. कॅनडातील युकॉन प्रदेशात १९७८ मध्ये जमिनीखाली सापडलेल्या मूकपटांच्या रिळांवर डॉसन सिटी : फ्रोझन टाइम (२०१६) आधारलेला आहे. पोलिसांच्या अंगावरील व निगराणी कॅमेऱ्यांच्या चित्रणातून रचलेल्या इन्सिडेंट (२०२३) या लघुमाहितीपटाला ऑस्कर नामांकन मिळाले.