साठवलेलं घर सापडतं कसं? ‘द सिम्स’च्या फोल्डरांचा छोटासा इतिहास

या ब्लॉगवर मी सहसा वाळूबद्दल लिहिते, कारण माझी पीएचडी किनाऱ्यावरच्या गाळाची आहे. आज एका कॉम्प्युटर गेमबद्दल लिहिणार आहे. रिसर्चच्या तयारीत असलेल्यांनी लगेच टॅब बंद करू नका. गेल्या महिन्यात साठवलेल्या एका फाइलने मला जे शिकवलं, ते रिसर्च मेथडॉलॉजीच्या कोर्सवर्कमध्ये कुणी इतकं डोक्यात उतरवलं नव्हतं.

आमचं जुनं घर देवबागला होतं. ज्यांनी देवबाग पाहिलं नाही त्यांच्यासाठी सांगते: मालवणच्या दक्षिणेला, तारकर्लीच्या पुढे, जमिनीची एक चिंचोळी पट्टी आहे. एका बाजूला अरबी समुद्र, दुसऱ्या बाजूला कर्ली नदी, आणि टोकाला दोघांचा संगम. चिऱ्याच्या भिंती, मंगलोरी कौलं, पुढे सारवलेलं खळं, मग पडवी, आत माजघर, मागे रांधपाची खोली आणि न्हाणी, असं ते घर. वाशांना वाळवी लागली होती, म्हणून काकाने ते पाडून स्लॅबचं बांधलं, वर पाहुण्यांसाठी दोन खोल्या काढल्या. निर्णय बरोबरच होता. पण पाडताना जुन्या घराचा नकाशा कुणीच काढून ठेवला नाही. फोटो आहेत, तेही सगळे लग्नातले. त्यांत माणसांच्या खांद्यांच्या मागे जेवढं दिसतं तेवढंच घर.

पाडायच्या आधीच्या मे महिन्यात मी एक उद्योग केला होता. आजीला शेजारी बसवून ते घर ‘द सिम्स ४’मध्ये बांधलं. आधी तिला नकाशाबद्दल विचारलं तर म्हणाली, “कागद कित्याक व्हयो? मेस्त्रीक घर म्हायत आसा.” तो मेस्त्री जाऊन कितीतरी वर्षं झाली होती. मग स्क्रीनवर छप्पर चढल्यावर तिचा पहिला प्रश्न, “पागोळ्यो खय पडतल्यो?” मी छपराच्या कडा भिंतीबरोबर संपवल्या होत्या. त्या बाहेर ओढल्या, तेव्हा तिला ते घर वाटायला लागलं.

आता काकाला नव्या घरापुढे जुन्यासारखी पडवी काढायची आहे. त्याचा फोन आला, “तुज्याकडे ता घर आसा मा? पडवी केवडी होती ती बघ.” दरम्यान माझा जुना लॅपटॉप गेला होता. डॉक्युमेंट्स फोल्डरची कॉपी एका हार्ड डिस्कवर होती. नव्या लॅपटॉपवर गेम टाकला, जुन्या फाइली जागच्या जागी ठेवल्या, एफ४ दाबून गॅलरी उघडली आणि ‘माय लायब्ररी’त गेले. घर नव्हतं.

ते कुठे गेलं हे कळायला, या गेममध्ये घर ‘साठवणं’ म्हणजे काय हे कसं बदलत गेलं ते बघावं लागतं.

सुरुवात एका जळालेल्या घरापासून होते. २० ऑक्टोबर १९९१ रोजी अमेरिकेत कॅलिफोर्नियातल्या ओकलंडच्या टेकड्यांवर वणवा भडकला. २५ माणसं गेली, तीन हजारांच्या आसपास घरं जळाली. त्यातलं एक घर विल राइटचं होतं. ‘सिमसिटी’ हा १९८९चा गेम बनवणारा तोच हा राइट. घरचे वाचले, पण सुईपासून सोफ्यापर्यंत सगळं नव्याने घ्यावं लागलं, आणि माणसाला कुठली वस्तू आधी लागते, का लागते, हा प्रश्न त्याच्या डोक्यात बसला, असं त्याने नंतर मुलाखतींत सांगितलंय. त्यातून एक ‘बाहुलीघर’ तयार होऊ लागलं. मूळ कल्पना घर बांधण्याचा गेम अशी होती, आणि त्यातली माणसं ही तुमच्या घराला मार्क देण्यापुरती होती. स्वयंपाकघर लांब पडलं तर ती कुरकुरणार, इतकंच त्यांचं काम. पुढे माणसंच गेम खाऊन बसली. ४ फेब्रुवारी २००० रोजी ‘द सिम्स’ बाजारात आला.

राइटने या कामी ज्यांचा आधार घेतला त्यांत क्रिस्टोफर अलेक्झांडर हा आर्किटेक्ट होता. त्याचं ‘अ पॅटर्न लँग्वेज’ हे पुस्तक १९७७चं, सारा इशिकावा आणि मरे सिल्व्हरस्टीन यांच्यासोबत लिहिलेलं. तुमचा विषय कुठलाही असो, हे पुस्तक ग्रंथालयात एकदा चाळून बघा. त्यात २५३ ‘पॅटर्न’ आहेत, म्हणजे बांधकामात पुन्हा पुन्हा येणारा एकेक प्रश्न आणि त्याचं उत्तर. प्रत्येकाला नंबर आहे, आणि प्रत्येकात वरच्या नि खालच्या पॅटर्नांचे नंबर दिलेले आहेत, त्यामुळे कुठूनही आत शिरता येतं. नंबर १२७ बघा: घरात शिरताना सगळ्यांसाठी खुली जागा आधी, मग पाहुण्यांची, मग घरच्यांची, असा उतरता क्रम असावा. खळं, पडवी, माजघर! मी ते पान वाचलं तेव्हा आजीच्या घराचंच वर्णन वाचतेय असं वाटलं. खळ्यात कुणीही यावं, मासळीवाली पडवीपर्यंत, आणि माजघरात पाहुण्याला कुणीतरी “आत ये” म्हटल्यावरच.

हा माणूस भारतात राहून गेलेला आहे, हे मला बरंच नंतर कळलं. साठच्या दशकाच्या सुरुवातीला गुजरातमधल्या एका खेड्यात त्याने काम केलं. १९६४च्या ‘नोट्स ऑन द सिंथेसिस ऑफ फॉर्म’ या पुस्तकाच्या शेवटी सहाशे वस्तीच्या भारतीय खेड्याची मांडणी आहे. खेड्याच्या १४१ गरजा लिहून काढल्या, कुठली गरज कुठल्या गरजेत अडकते ते तपासलं, आणि एकमेकींत जास्त गुंतलेल्या गरजांचे गट पाडले. आपण ज्याला आज क्लस्टरिंग म्हणतो, तेच. पुढे सॉफ्टवेअरवाल्यांनी ‘पॅटर्न’ हा शब्द त्याच्याकडून उचलला, आणि १९९५ साली वॉर्ड कनिंगहॅमने असे पॅटर्न एकमेकांना जोडून साठवण्यासाठी जी वेबसाइट बनवली, ती जगातली पहिली विकी.

आता अलेक्झांडरने काय साठवलं ते लक्षात घ्या: कारणं. भिंत किती लांब, हे त्याच्या पुस्तकात क्वचितच सापडेल. भिंत तिथे का, हे दर पानावर. ‘द सिम्स’ त्याच्याकडून प्रेरणा घेऊन निघाला, पण कॉम्प्युटरवर साठवलं उलटं. भिंत कुठे, खिडकी कुठे, खुर्ची कुठल्या तोंडाला, एवढंच फाइलमध्ये उतरतं. का, ते खेळणाऱ्याच्या डोक्यात राहतं. (तुमच्या रॉ डेटाचं वेगळं काय होतं? माझ्या एमएस्सीच्या एक्सेल शीटमध्ये ‘न्यू२_फायनल’ नावाचा कॉलम आहे. तो काय आहे ते आज मलाच सांगता येत नाही.)

पहिल्या गेममध्ये घराची स्वतंत्र साठवण अशी नव्हतीच. वस्तीत ठरावीक प्लॉट, प्रत्येक प्लॉटची एक फाइल, नाव ‘हाउस०१’, ‘हाउस०२’ असं, शेवटी ‘आयएफएफ’. हा आयएफएफ फॉरमॅट इलेक्ट्रॉनिक आर्ट्सने १९८५ साली अमिगा कॉम्प्युटरच्या काळात बनवलेला; गेममध्ये त्याचा मॅक्सिसने सोयीने बदललेला अवतार होता. म्हणजे घराची ओळख होती त्याचा पत्ता. पाच नंबरच्या प्लॉटवरचं पाडून नवं बांधलंत की जुनं गेलं. जपायचं असेल तर गेमच्या बाहेर येऊन फाइलची कॉपी करा.

२००४ला ‘सिम्स २’ आला तेव्हा घर प्लॉटपासून सुटं झालं. बांधलेलं घर एका टोपलीत ठेवायचं, दुसऱ्या वस्तीत उतरवायचं, किंवा ‘सिम्स२पॅक’ नावाचं गाठोडं करून दुसऱ्याला द्यायचं. आणि इथेच पहिली मोठी पंचाईत झाली. ज्या घरात कुणी राहून गेलं असेल, त्याच्या फाइलमध्ये त्या माणसांचे संदर्भ चिकटून राहत, आणि असं घर दुसऱ्याच्या वस्तीत उतरवलं की तिथला डेटा बिघडू शके. शिवाय गाठोड्यात काय काय बांधलंय ते उघडेपर्यंत दिसत नसे. घराबरोबर कुणाची तरी अनोळखी पडद्यांची जोडीही घरात यायची. शेवटी खेळणाऱ्यांनीच ‘क्लीन इन्स्टॉलर’ नावाचं टूल लिहिलं, जे आत काय आहे त्याची यादी आधी दाखवायचं. दुसऱ्याचा डेटासेट वापरणार असाल तर हा प्रसंग आठवा. २००९च्या ‘सिम्स ३’बद्दल फार लिहीत नाही. लायब्ररी नावाचा फोल्डर आला आणि फाइलींची नावं माणसाला वाचता न येणाऱ्या लांबलचक आकड्यांची झाली.

२ सप्टेंबर २०१४ला आलेल्या ‘सिम्स ४’ने शोधण्याचं काम गेमच्या आतच आणलं. गॅलरी आणि तिच्यात ‘माय लायब्ररी’. नाव, वर्णन, हॅशटॅग, प्लॉटचा आकार यांवरून शोधा, फिल्टर लावा. प्लॉट २० बाय १५ पासून ६४ बाय ६४ चौकोनांपर्यंत. डिस्कवर मात्र ‘ट्रे’ नावाचा एकच फोल्डर, आणि त्यात एका घराच्या अनेक फाइली: ‘ट्रेआयटम’मध्ये नोंद, ‘ब्लूप्रिंट’मध्ये प्रत्यक्ष मांडणी, ‘बीपीआय’मध्ये चित्रं. नावं पुन्हा आकड्यांचीच. यातली ब्लूप्रिंट हरवली तर घराची नोंद उरते, घर नाही. कार्ड कपाटात आहे, पुस्तक शेल्फवर नाही, असं ग्रंथालयात होतं ना, तसं.

तर माझं घर. ट्रे फोल्डर तारखेने लावला. एका घराच्या सगळ्या फाइली एकाच क्षणी जन्मतात, त्यामुळे त्या तारखेला एका ओळीत उभ्या राहतात. मे महिना, दुपारचे साडेतीन (आजीच्या चहाची वेळ), फाइलींचा एक पुंजका. म्हणजे घर होतं. लायब्ररी ते दाखवत नव्हती, एवढंच. कारण फिल्टरमध्ये निघालं. चिऱ्याची भिंत आणि मंगलोरी कौल गेममध्ये मिळत नाही म्हणून मी दुसऱ्या खेळाडूंनी बनवलेलं सामान वापरलं होतं. असं सामान असलेली घरं दिसायला फिल्टरमध्ये ‘कस्टम कंटेंट’ची खूण करावी लागते, आणि नव्या लॅपटॉपवर ती खूण नव्हती. खूण केली, घर समोर आलं. दोन दिवस मी फाइल करप्ट झाली म्हणून रडत होते.

पण प्लॉटवर उतरवलं तेव्हा गेमने सांगितलं की काही सामान नाही. ट्रे फोल्डर मी जपला होता, मॉड्सचा जपलाच नव्हता. ब्लूप्रिंटमध्ये कौल नसतं, ‘अमुक कौल लावा’ एवढा उल्लेख असतो. ते कौल दुसऱ्या फोल्डरात. चिऱ्याच्या जागी पांढऱ्या भिंती आल्या. २०१६ साली ‘सायंटिफिक डेटा’ या जर्नलमध्ये डेटा शोधता, मिळवता, जोडता आणि पुन्हा वापरता यावा अशी चार तत्त्वं मांडली गेली, ती आम्ही ‘फेअर’ म्हणून परीक्षेपुरती पाठ केली होती. त्यातल्या तिसऱ्या नि चौथ्याचा अर्थ मला त्या पांढऱ्या भिंतींसमोर बसून कळला.

तरी काकाचा प्रश्न पडवीचा होता. मोजली. तीन चौकोन. तीन चौकोन म्हणजे किती फूट? गेममधला चौकोन हा खुर्ची एका घरात बसावी अशा बेताने आखलेला. त्यावरून देवबागची पडवी काढता येत नाही. अडीच चौकोन मला घेताच आले नसते, म्हणून मी तेव्हा तीन केले असणार. चित्र परत मिळालं, माप नाही मिळालं.

मग घराच्या नावाखाली वर्णनाचा जो चौकोन असतो तो उघडून पाहिला. त्यात मी काही लिहिलंय हेच विसरले होते. आजी बोलत होती तसं टाइप करत गेले असणार, कारण भाषा तिची आहे, शुद्धलेखन माझं. न्हाणीचं पाणी माडाकडे. माजघराची खिडकी लहान, वाऱ्यामुळे. पडवी: दोन खाटी आडव्या, आणि मधून कळशी घेऊन बाई जाईल एवढी.

हे मी काकाला फोनवर वाचून दाखवलं. माळ्यावर अजून एक जुनी खाट आहे. दुसरी शेजाऱ्यांकडून आणली. नव्या घरापुढे वाळूत दोन्ही आडव्या टाकल्या, मधून काकी भरलेली कळशी घेऊन चालत गेली, आणि गवंड्याने तिच्या दोन्ही बाजूंनी फक्कीची रेघ ओढली. खुर्चीत बसून बघणारी आजी म्हणाली, खाटी अजून थोड्या लांब करा, आमच्या कळश्या मोठ्या होत्या.